पद्म पुरस्कारासाठी नाव कोण कळवतं? आपण का नाही?

करूळघाट | २६ जानेवारी

दरवर्षी २५ जानेवारीच्या संध्याकाळी पद्म पुरस्कारांची यादी येते आणि पुढचे काही दिवस सगळीकडे एकच बोलणं चालतं: अमक्यांना का दिला, तमक्यांना अजून का नाही. हा धागा त्यासाठी काढलेला नाही. मला त्याच्या अलीकडचं विचारायचंय. ज्यांना मिळायला हवा होता असं आपण म्हणतो, त्यांचं नाव दिल्लीला कुणी कळवलं तरी होतं का?

आमच्या कुडाळकडे एक वयोवृद्ध दशावतारी कलाकार आहेत. (नाव देत नाही, त्यांना अजून विचारलेलं नाही.) उभं आयुष्य स्त्रीभूमिका केल्या. कार्तिकात जत्रा सुरू झाल्या की रोज नवं गाव, नवं देऊळ. स्वतःचं तोंड स्वतः रंगवायचं, आज कुठलं आख्यान हे मालकांनी सांगायचं आणि मग पहाटेपर्यंत संवाद जागच्या जागी रचत जायचं. लिहिलेली संहिता नसतेच. त्यांची द्रौपदी ज्यांनी पाहिली ती माणसं आजही तिच्याबद्दल तासभर बोलतात, पण छापील असं त्यांच्याबद्दल जवळजवळ काही नाही.

आमच्याच तालुक्यातल्या पिंगुळीच्या परशुराम गंगावणे यांना २०२१ मध्ये पद्मश्री मिळाली. चित्रकथी आणि कळसूत्री बाहुल्या ही ठाकर समाजाची कला त्यांनी जिवंत ठेवली, गोठ्याच्या जागेत संग्रहालय उभं केलं. तेव्हापासून वाटतंय की दशावताराचं असं का होऊ नये. प्रक्रिया माहीत असलेल्यांनी कृपया लिहा. आणि मनापासून विचारते, सगळे मिळून एक अर्ज लिहूया का?

मुद्देसूद | २६ जानेवारी

उत्तम धागा. प्रक्रियेबद्दल मला जे नीट माहीत आहे ते सांगतो.

नाव कोणीही सुचवू शकतो. राज्य सरकारं, केंद्रीय मंत्रालयं, खासदार-आमदार हे सुचवतातच, पण साधा नागरिकही सुचवू शकतो. स्वतःचं नावही कळवता येतं. २०१६ पासून हे सगळं ऑनलाइन आहे. त्यासाठी गृह मंत्रालयाचं संकेतस्थळ आहे. मुदत दरवर्षी थोडी बदलते, पण उन्हाळ्यात खिडकी उघडलेली असते हे नक्की, त्यामुळे आत्ता तयारीला लागलात तर वेळ भरपूर आहे.

अर्जातला खरा भाग म्हणजे त्या व्यक्तीच्या कामाचं वर्णन. साधारण ८०० शब्दांची मर्यादा असते. आलेली नावं पद्म पुरस्कार समितीसमोर जातात. ही समिती पंतप्रधान दरवर्षी नेमतात, मंत्रिमंडळ सचिव तिचे अध्यक्ष असतात. गृहसचिव, राष्ट्रपतींचे सचिव आणि चार ते सहा नामवंत व्यक्ती सदस्य असतात. समितीची शिफारस पंतप्रधान आणि राष्ट्रपतींकडे जाते. वर्षाला जास्तीत जास्त १२० पुरस्कार, त्यात मरणोत्तर, परदेशी आणि अनिवासी भारतीय धरलेले नाहीत.

रोख रक्कम नाही, भत्ता नाही, रेल्वे-विमानाची सवलत नाही. राष्ट्रपतींच्या सहीची सनद आणि पदक. पदकावर कमळ, वर ‘पद्म’ आणि खाली ‘श्री’, ‘भूषण’ किंवा ‘विभूषण’, देवनागरीत.

सगळ्यात महत्त्वाचं: मरणोत्तर सन्मान सहसा देत नाहीत, फार अपवादाने देतात. तेव्हा जे करायचं ते त्या कलाकारांच्या हयातीत.

साताऱ्याचा | २७ जानेवारी

या पुरस्कारांची सुरुवात कशी झाली ते आधी पाहू. अर्ज लिहितानाही त्याचा उपयोग होईल.

२ जानेवारी १९५४ रोजी दोन सन्मान सुरू झाले, भारतरत्न आणि पद्मविभूषण. पद्मविभूषणात तीन वर्ग होते आणि त्यांची नावं अगदी साधी होती: पहिला वर्ग, दुसरा वर्ग, तिसरा वर्ग. आजची पद्मविभूषण, पद्मभूषण, पद्मश्री ही नावं वर्षभराने, ८ जानेवारी १९५५ ला आली.

पहिल्या वर्षीची ‘पहिला वर्ग’ची यादी मला फार आवडते. सहाच नावं आहेत: भौतिकशास्त्रज्ञ सत्येंद्रनाथ बोस, चित्रकार नंदलाल बोस, शिक्षणतज्ज्ञ झाकिर हुसेन, बाळासाहेब खेर, व्ही. के. कृष्ण मेनन आणि भूतानचे राजे जिग्मे दोरजी वांगचुक. विज्ञान, कला, शिक्षण, राजकारण आणि परराष्ट्र संबंध, सगळं एका पानावर. सत्येंद्रनाथांनी १९२४ मध्ये आइन्स्टाइनना पाठवलेल्या निबंधाला तेव्हा ३० वर्षं झाली होती. नंदलालांनी शांतिनिकेतनातल्या विद्यार्थ्यांना घेऊन आपल्या राज्यघटनेची हस्तलिखित प्रत सजवली होती. नव्या देशाने पहिल्याच झटक्यात ठरवलं की प्रयोगशाळा, कुंचला आणि वाटाघाटींचं टेबल या तिन्हींना सारखाच मान.

त्यातले बाळासाहेब खेर आपले रत्नागिरीचे. मुंबई प्रांताचे मुख्यमंत्री म्हणून सगळ्यांना माहीत आहेत, पण १९५२ ते १९५४ ते लंडनमध्ये भारताचे उच्चायुक्त होते हे फारसं कुणी सांगत नाही. त्यांच्या आधी त्या खुर्चीवर कृष्ण मेनन होते. म्हणजे लंडनच्या एकाच कचेरीतले लागोपाठचे दोन उच्चायुक्त पहिल्या यादीत आले.

त्याच वर्षी ‘तिसरा वर्ग’, म्हणजे आजची पद्मश्री, मिळालेले आप्पा पंत तर आमच्या औंधचे. औंध संस्थानाच्या राजांचे, बाळासाहेब पंतप्रतिनिधींचे चिरंजीव. सूर्यनमस्काराचा प्रसार करणारे ते राजे. १९३८-३९ मध्ये त्यांनी सत्ता प्रजेच्या हाती दिली, त्या प्रयोगाला गांधीजींचं मार्गदर्शन होतं आणि आप्पा त्या कामात पुढे होते. स्वातंत्र्यानंतर ते नैरोबीला भारताचे आयुक्त म्हणून गेले. केनियात इंग्रजांचं राज्य असताना तिथल्या आफ्रिकी नेत्यांशी त्यांनी उघड मैत्री केली आणि वसाहत सरकारला ते खुपत राहिलं. पुढे सिक्कीम, इंडोनेशिया, नॉर्वे, इजिप्त, ब्रिटन, इटली. औंधला संग्रहालय बघायला हजारो लोक येतात. त्यांतल्या किती जणांना आप्पासाहेबांचं हे काम माहीत असेल? मला हे नेहमी लागतं.

पेटीवाला | २७ जानेवारी

करूळघाट ताई, तुमचं पोस्ट वाचून गलबलून आलं.

यमुनाबाई वाईकरांना पद्मश्री मिळाली २०१२ मध्ये. तेव्हा त्या नव्वदीच्या पुढे होत्या. बैठकीची लावणी, ती अदा, एकेका ओळीवर थांबून तिचे अर्थ फिरवत नेणं, हे सगळं त्यांनी कित्येक दशकं आधीच करून ठेवलं होतं. सुलोचना चव्हाणांना २०२२ मध्ये मिळाली आणि त्याच वर्षाअखेरीस त्या गेल्या. आणि विठाबाई नारायणगावकर? राष्ट्रपतींच्या हातून सन्मान झाला त्यांचा, पण पद्मच्या यादीत नाव कधीच आलं नाही. २००२ मध्ये गेल्या. आता राज्य सरकार त्यांच्या नावाने जीवनगौरव पुरस्कार देतं, पण बाईंच्या हातात सनद पडली असती तर ती गोष्ट वेगळी होती.

पंडित भीमसेन जोशींचा प्रवास बघा: पद्मश्री १९७२, पद्मभूषण १९८५, पद्मविभूषण १९९९ आणि २००८ मध्ये भारतरत्न. वेळच्या वेळी, एकेक पायरी. अभिजात संगीताला रेडिओ, ध्वनिमुद्रिका, सवाई गंधर्व महोत्सव, समीक्षक हे सगळं पाठीशी होतं. तमाशाच्या फडाला आणि दशावताराच्या मंडळाला यातलं काय होतं?

अर्ज लिहायचा तर मी आहे. तुमच्याकडच्या पेटीवाल्या-पखवाजवाल्यांशी बोलायचं काम मला द्या.

उत्तररात्र | २७ जानेवारी

मला वेगळं वाटतं, आणि ते मोकळेपणाने लिहिते.

कलाकाराला सरकारच्या शिक्क्याची गरज का असावी? राज्यघटनेच्या १८ व्या कलमात स्पष्ट म्हटलंय की लष्करी आणि शैक्षणिक सोडून कुठलाही किताब शासन देणार नाही. रावबहादूर, रायसाहेब ही इंग्रजांची पद्धत संपवण्यासाठीच ते कलम आलं. मोरारजी देसाईंच्या सरकारने १९७७ मध्ये हे सन्मान बंद केले होते, ते १९८० मध्ये परत सुरू झाले. पी. एन. हक्सर यांच्यासारख्या मुत्सद्द्याने १९७३ मध्ये पद्मविभूषण नम्रपणे नाकारलं. उस्ताद विलायत खाँनी पद्मश्री घेतली नाही. इतिहासकार रोमिला थापर यांनी दोनदा नकार दिला. ही सगळी माणसं आपल्या कामाच्या जोरावरच उभी होती.

ताई, तुमच्या कलाकारांबद्दल मनात आदरच आहे. पण त्यांच्यासाठी म्हातारपणी मानधन, औषधपाणी, चांगलं चित्रीकरण, यासाठी एवढी धडपड केली तर जास्त उपयोग होणार नाही का?

मुद्देसूद | २८ जानेवारी

१८ व्या कलमाचा मुद्दा सर्वोच्च न्यायालयात गेला होता. बालाजी राघवन विरुद्ध भारत सरकार, पाच न्यायमूर्तींचं घटनापीठ, निकाल १५ डिसेंबर १९९५. या वादापायी १९९३ ते १९९७ पद्म पुरस्कार दिलेच गेले नाहीत. न्यायालयाने म्हटलं की हे सन्मान म्हणजे किताब नव्हेत. घटनेच्या ५१-क कलमात उत्कृष्टतेसाठी झटणं हे नागरिकाचं कर्तव्य सांगितलंय, मग ते पार पाडणाऱ्याची दखल घेण्याची सोयही हवी. मात्र अट घातली: नावाच्या मागे-पुढे ही बिरुदं लावायची नाहीत. लावली तर सन्मान काढून घेता येतो. संख्या आवरती ठेवा, असंही सुनावलं.

आपल्याकडे लग्नपत्रिकेपासून सभागृहाच्या फलकापर्यंत ‘पद्मश्री अमुक तमुक’ सर्रास छापतात. प्रेमापोटी छापतात, पण त्यामुळे त्या माणसालाच अडचणीत टाकतो. ‘पद्मश्रीने सन्मानित’ असं नावापासून वेगळ्या ओळीत लिहावं.

वेधशाळा | २८ जानेवारी

उत्तररात्र, नाकारण्याचा हक्क ज्याचा त्याचा, मान्य. पण हक्सर नाकारू शकले कारण त्यांना देऊ केलं गेलं होतं. इथे ज्यांच्याबद्दल बोलतोय त्यांच्यापर्यंत विचारणाच पोचत नाही.

मी विज्ञानाच्या बाजूने लिहितो. जयंत नारळीकरांना १९६५ मध्ये पद्मभूषण मिळालं तेव्हा ते फक्त २६ वर्षांचे होते! केंब्रिजला होते, फ्रेड हॉइल यांच्याबरोबरचा गुरुत्वाकर्षणाचा सिद्धांत आदल्याच वर्षी जगासमोर आला होता. पद्मविभूषण २००४ मध्ये, तोवर पुण्यात आयुका ही खगोलशास्त्राची संस्था उभी करून झाली होती. मधल्या काळात कोल्हापूरच्या या माणसाने मराठी मुलांना विज्ञानकथा वाचायला लावल्या. मे २०२५ मध्ये सर गेले तेव्हा आमच्या पिढीतल्या कितीतरी जणांना घरातलं माणूस गेल्यासारखं झालं.

पंचविशीतल्या संशोधकाचं काम सरकारला इतक्या लवकर दिसलं कसं? कारण विज्ञानात कामाची नोंद आपोआप होते. शोधनिबंध छापला जातो, तारखेसकट, आणि जगात कुणीही तो काढून बघू शकतो. माशेलकर (पद्म मिळाल्याची सालं १९९१, २०००, २०१४), काकोडकर (१९९८, १९९९, २००९), माधव गाडगीळ (१९८१, २००६), कुणाचंही बघा. काम मोठं होतंच, शिवाय ते कागदावर होतं. परराष्ट्र सेवेतही प्रत्येक वाटाघाटीची टिपणं असतात, फायली असतात. लोककलावंताचं काम रात्रीतून उभं राहतं आणि पहाटे दहीकाल्याबरोबर संपतं. ते फक्त बघणाऱ्यांच्या आठवणीत असतं. म्हणून त्यांच्यासाठी कुणीतरी लिहायलाच हवं. मानधन हवंच, चित्रीकरणही हवं, पण अर्जासाठी माहिती गोळा करताना त्याही कामांना हात लागतो.

साताऱ्याचा | २८ जानेवारी

वेधशाळा, फायलींच्या मुद्द्यात एक भर. पद्ममध्ये ‘मुत्सद्देगिरी’ असा वेगळा विभाग नाही. ती माणसं सार्वजनिक व्यवहार किंवा नागरी सेवा या विभागांत येतात. सरकारी सेवेत असेपर्यंत डॉक्टर आणि शास्त्रज्ञ सोडून इतरांना हा सन्मान मिळत नाही, त्यामुळे राजदूतांची नावं आता निवृत्तीनंतरच दिसतात. जे. एन. दीक्षित जानेवारी २००५ मध्ये गेले, त्याच वर्षी मरणोत्तर पद्मविभूषण. एस. जयशंकर यांना २०१९ मध्ये पद्मश्री, परराष्ट्र सचिवपदावरून निवृत्त झाल्यानंतर आणि मंत्री होण्याआधी.

परदेशी माणसांनाही देतात आणि तोही परराष्ट्र धोरणाचाच भाग असतो. भूतानच्या राजांपासून सुरुवात झाली होतीच. २०२० मध्ये बांगलादेशचे मुत्सद्दी सय्यद मुअज्जम अली यांना मरणोत्तर पद्मभूषण, २०२१ मध्ये जपानचे शिंझो आबे यांना पद्मविभूषण.

डहाणूची वाट | २९ जानेवारी

कुणीतरी लिहायला हवं, यावर आमच्याकडचं उदाहरण.

जिव्या सोमा म्हसे. वारली चित्रं घरच्या भिंतीवर लग्नासाठी काढायची, तीही बायकांनी. हा माणूस रोज काढायला लागला. सत्तरच्या दशकात भास्कर कुलकर्णी नावाचे चित्रकार हस्तकला मंडळाच्या कामासाठी डहाणूच्या पाड्यांवर आले, राहिले, कागद आणि रंग दिले, चित्रं दिल्ली-मुंबईला नेली. १९७६ मध्ये म्हसेंना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पद्मश्री २०११. २०१८ मध्ये ते गेले तेव्हा जगभर त्यांची चित्रं पोचली होती. म्हसेंचा हात म्हसेंचाच, तो कुणी दिला नाही. पण भास्कर कुलकर्णी त्या पाड्यावर पोचले नसते तर कदाचित ती चित्रं दोन पावसाळ्यांत भिंतीवरून धुऊन गेली असती. आमच्याकडची जुनी माणसं अजून त्यांचं नाव काढतात.

तुमच्या दशावताऱ्यांचे भास्कर कुलकर्णी तुम्ही व्हा.

करूळघाट | १ फेब्रुवारी

सगळ्यांचे मनापासून आभार. उत्तररात्र, तुमचा प्रश्न मी त्या कलाकारांसमोर तसाच ठेवला. काल त्यांच्या घरी जाऊन आले. ते म्हणाले, “माका मेळांदे नायतर नाय मेळांदे, पण दशावताराचा नाव थंय वाचून दाखवूक व्हया.” परवानगी मिळाली आहे. नाव अर्ज गेल्यावरच इथे लिहीन.

पहिला परिच्छेद लिहून पाहिला. वाचा आणि स्पष्ट सांगा:

‘दशावताराच्या क्षितिजावरील तेजस्वी तारा, कोकणच्या मातीचा सुगंध आपल्या अभिनयातून दरवळवणारे, कलेसाठी सर्वस्व अर्पण करणारे हे थोर तपस्वी कलावंत गेली अनेक दशके रसिकांच्या मनावर अधिराज्य गाजवीत आहेत.’

मुद्देसूद | १ फेब्रुवारी

ताई, हे त्यांच्या सत्काराच्या मानपत्रात शोभेल. समितीपुढे हजारो अर्ज असतात. हे वाक्य त्यातल्या कुठल्याही अर्जात तसंच्या तसं बसेल. तेजस्वी तारा काढा, माणूस घाला. कुठल्या साली, कितव्या वर्षी, कुठल्या मंडळात पाऊल टाकलं. कुठल्या भूमिका. एका हंगामात साधारण किती जत्रा. कुणाकडून शिकले, कुणाला शिकवलं. त्यांनी केलं म्हणून आज टिकून आहे असं काय आहे, ते नेमकं.

पेटीवाला | १ फेब्रुवारी

आणि दिल्लीत वाचणाऱ्याला दशावतार म्हणजे काय हेच माहीत नसेल असं धरून चला. संहिता नसते, पौराणिक कथेचा सांगाडा घेऊन रात्रभर संवाद उत्स्फूर्त रचतात, पदं गातात, वाद्यमेळ त्या क्षणी साथ पकडतो, हे तीन ओळींत आलंच पाहिजे. आधी आडदशावतार होतो, त्यात गणपती, सरस्वती, संकासुर येतात, मग मुख्य आख्यान. परक्या माणसाला यातली अवघड गोष्ट कुठली ते कळायला हवं. पुरुषाने पाठांतराशिवाय रात्रभर द्रौपदी उभी करायची आणि समोर बसलेल्या, महाभारत तोंडपाठ असलेल्या म्हाताऱ्यांना चूक काढता येऊ द्यायची नाही. हे लिहा!

उत्तररात्र | २ फेब्रुवारी

ते “नाव थंय वाचून दाखवूक व्हया” दोनदा वाचलं. सरकारी सन्मानांबद्दलचं माझं मत तेच आहे. पण हे काम मी करणार. इंग्रजी मसुदा लागणार असेल तर तो माझ्याकडे द्या, भाषांतर हा माझा रोजचा व्यवसाय आहे. अट एकच: त्यांच्या तोंडच्या गोष्टी आधी मालवणीतच ध्वनिमुद्रित करून ठेवा. पुरस्कार मिळो न मिळो, ते ध्वनिमुद्रण कुठल्याही शब्दमर्यादेपेक्षा मोलाचं आहे.

बे एरियातून | २ फेब्रुवारी

माझे आजोळ वेंगुर्ल्याचे. मामांनी नव्वदच्या दशकात जत्रेत कॅसेटवर टेप केलेले काही दशावतार घरी आहेत. आवाज खरखरतो, पण पदं ओळखू येतात. इथे एका मित्राकडे कॅसेटचं डिजिटल करण्याची सोय आहे. मामांना कॅसेट कुरियरने पाठवायला सांगू, की तिकडेच कुणी करून देईल?

करूळघाट | ३ फेब्रुवारी

कॅसेट इतक्या लांब पाठवू नका, वाटेत खराब होतील. मामांचा पत्ता मला व्यक्तिगत निरोपात कळवा, मीच जाऊन घेऊन येते, कुडाळला एक ध्वनिमुद्रणवाले आहेत.

कामं अशी वाटतेय: मुद्देसूद, अर्जाचा आराखडा आणि या वर्षीची मुदत. पेटीवाला, मंडळातल्या वादकांशी बोलणं, त्यांचे फोन नंबर निरोपात देते. उत्तररात्र, इंग्रजी. साताऱ्याचा आणि वेधशाळा, मसुदा तयार झाला की परक्याच्या नजरेने वाचायचा. मी मुलाखत घेते. पुढच्या आठवड्यात दोन दिवस त्यांची जत्रा नाही, तेव्हा बसणार आहोत.

एक मोठी अडचण आहे. त्यांनी पहिल्यांदा तोंडाला रंग लावला ते साल त्यांना आठवत नाही. गावच्या देवळाचा कळस नवीन बसवला त्या वर्षीची जत्रा, एवढंच सांगतात. कुडाळ-सावंतवाडी भागातल्या कुणाकडे गावऱ्हाटीचे (गावच्या देवकार्याच्या कारभाराचे) जुने कागद, देवस्थानच्या वह्या किंवा जत्रेची हँडबिलं असतील तर कळवा. देवळाचं नाव निरोपात सांगते.